फ्यूज उडाला? आधी कारण शोधा

जुन्या मारुती ८००चा हॉर्न किंवा वायपर अचानक बंद पडला, तर आधी डॅशबोर्डखालची फ्यूजपेटी पाहावी. चावी चालू करून टेस्ट लॅम्पची क्लिप बॉडीच्या उघड्या लोखंडाला लावावी व टोक फ्यूजच्या माथ्यावरील दोन्ही बिंदूंना टेकवावे. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज चांगला. एकीकडेच लागला तर उडालेला. कुठेच नाही तर करंटच येत नाही.

लाल फ्यूज १० अँपिअरचा, निळा १५, पिवळा २०. उडालेल्याच्या जागी त्याच रंगाचा बसवावा. तार गुंडाळल्यास फ्यूजऐवजी वायरिंग जळते. नवाही उडाला तर शॉर्ट शोधून घ्यावा. काही रुपयांच्या फ्यूजपायी गाडी आणि आतला माल गमावू नये.