दुरुस्तीचे बिल आणि अडकलेली गाडी



वाहन ही आता चैनीची वस्तू राहिलेली नाही. तुये येथील औद्योगिक वसाहतीत कामास जाणाऱ्याची दुचाकी आठ दिवस गॅरेजात अडकली, तर त्याच्या रोजीवरच गदा येते. बिलावरून वाद झाला, तर गॅरेजवाल्यास गाडी अडवून ठेवता येते काय?

येते, परंतु मर्यादेत. भारतीय करार कायद्याचे (१८७२) १७० वे कलम सांगते की, ज्याने सोपविलेल्या वस्तूवर श्रम वा कौशल्य खर्चिले, त्यास त्या कामाचा मोबदला मिळेपर्यंत, विरुद्ध करार नसल्यास, ती वस्तू ठेवून घेण्याचा हक्क आहे. कायद्यातच दाखला आहे. हिऱ्यास पैलू पाडणाऱ्या जवाहिऱ्यास मजुरी मिळेपर्यंत हिरा ठेवून घेता येतो. परंतु तीन महिन्यांची उधारी कबूल करणाऱ्या शिंप्यास कोट अडविता येत नाही. मेस्त्रीसही हाच न्याय लागू आहे. हा हक्क त्याच कामापुरता आहे. दुसऱ्या गाडीच्या जुन्या बाकीसाठी ही गाडी अडविता येत नाही. शिवाय तो ठेवण्याचा हक्क आहे, विकण्याचा नव्हे. ताब्यातील गाडीची वाजवी निगा राखणे हेही मेस्त्रीचे कर्तव्यच होय.

न सांगितलेल्या कामाचे पैसे मागितले, तर ते देय आहेत काय, हाच वादाचा मुद्दा ठरतो, आणि तेथे पुरावा बोलतो. म्हणून गाडी सोपवितानाच खर्चाचा अंदाज लेखी घ्यावा. जादा काम विचारल्यावाचून करू नये असे त्यावर नमूद करावे. बदललेले सुटे भाग परत मागावेत. बिल न देणे ही ग्राहक संरक्षण कायद्यानुसार (२०१९) अनुचित व्यापारी प्रथा आहे.

गाडीवाचून अडत असेल, तर ‘तक्रारीचा हक्क राखून’ असे लेखी कळवून रक्कम भरावी, पावती घ्यावी आणि गाडी सोडवावी. नंतर १९१५ या राष्ट्रीय ग्राहक क्रमांकावर गाऱ्हाणे मांडता येते. तेवढ्याने न भागल्यास दोन वर्षांच्या आत जिल्हा ग्राहक आयोगाकडे जावे. ग्राहक राहतो त्या जिल्ह्यात तक्रार करता येते; तुयेकरास उत्तर गोव्याचा आयोग आहे. मोबदला पाच लाखांपर्यंत असल्यास शुल्क नाही.

मात्र प्रामाणिक मेस्त्रीची मजुरी बुडविण्यासाठी हा कायदा नाही. आधी लिहिलेला एक कागद दोघांचेही रक्षण करतो.