अनामिकांची चित्रकर्ती

काळाच्या प्रवाहातून वेचून घेतलेला एक क्षण म्हणजे छायाचित्र होय. तो क्षण जपून ठेवता येतो. परंतु छायाचित्रातील माणसाचे नाव, गाव आणि सुखदुःख कागदावर उमटत नाही. पाहता पाहता कागद पिवळा पडतो आणि 'हे कोण?' या प्रश्नाचे उत्तर देणारेही कोणी उरत नाही. अशा विस्मृत माणसांना ज्या चित्रकर्तीने आपल्या कुंचल्याने पुन्हा मानाचे स्थान दिले, तिचे नाव हंग लिऊ.

हंग लिऊ यांचा जन्म १९४८ साली चीनमधील चांगचुन या नगरात झाला. त्या वेळी देशात यादवी युद्ध पेटले होते. त्यांचे वडील कुओमिंतांग पक्षाच्या सैन्यात अधिकारी होते. त्या पक्षाचा पराभव होत गेला आणि मुलगी तान्ही असतानाच वडिलांना बंदिवास घडला. पितापुत्रींची पुनर्भेट झाली ती १९९४ साली!

१९६६ साली चीनमध्ये सांस्कृतिक क्रांतीला आरंभ झाला. घरात जुनी छायाचित्रे सापडणेही धोक्याचे ठरू लागले. लिऊ यांच्या घरच्यांनी भयापोटी आपली बरीचशी छायाचित्रे जाळून टाकली. १९६८ साली लिऊ यांची रवानगी एका खेड्यात शेतमजुरीसाठी झाली. तेथील चार वर्षांच्या कष्टांतही त्यांनी गावकऱ्यांची चित्रे रेखाटली आणि एका स्नेह्याच्या कॅमेऱ्याने त्यांची छायाचित्रे टिपली.

बीजिंग येथे भित्तिचित्रकलेचे शिक्षण घेऊन १९८४ साली त्या अमेरिकेस गेल्या. १९९१ साली मायदेशी आल्या असता त्यांना एका संग्रहात जुनी छायाचित्रे आढळली. ज्यांच्या घरची छायाचित्रे अग्नीच्या भक्ष्यस्थानी पडली होती, त्यांना या अनोळखी चेहऱ्यांचे मोल वाटले, यात नवल ते काय?

त्यांची चित्रणाची रीत आगळी होती. तळहाताएवढ्या छायाचित्रातील श्रमिक, निर्वासित किंवा अनाथ बालक त्या भव्य कॅनव्हासवर रंगवीत. भोवती प्राचीन चिनी चित्रांतील फुले व पाखरे योजीत. जणू ती त्या माणसाला वाहिलेली पूजाच! त्यानंतर त्या चित्रावर जवसाच्या तेलाचे ओघळ सोडीत. त्यामुळे रेषा विरघळत आणि चेहरा धुक्याआड गेल्यासारखा दिसे. स्मृतीही अशीच पुसट होत जाते, हे ते ओघळ सुचवितात. कोणाला त्यांत आसवेही दिसतात.

पुढे त्या डोरोथिआ लँग यांच्या छायाचित्रांकडे वळल्या. १९३० नंतरच्या दशकात मंदी व अवर्षण यांमुळे देशोधडीस लागलेली अमेरिकन शेतकरी कुटुंबे लँग यांनी टिपली होती. स्वतः शेतात राबलेल्या लिऊ यांना ती परकी वाटली नाहीत.

७ ऑगस्ट २०२१ रोजी लिऊ निवर्तल्या. त्याच महिन्यात वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय व्यक्तिचित्र संग्रहालयात त्यांच्या चित्रांचे प्रदर्शन उघडले. जेथे राष्ट्राध्यक्षांची चित्रे मांडलेली असतात, त्याच वास्तूत निर्वासितांना आणि शेतमजुरांनाही स्थान लाभले. इतिहास घडविणाऱ्यांची नावे ग्रंथांत सापडतात; इतिहासाचा भार ज्यांनी सोसला, त्यांचे चेहरेही जपणे हे आपले कर्तव्य आहे.