होलसेलमध्ये सोलर इन्व्हर्टर घेताय? आधी गच्ची बघा

आजचा विषय दुकानदारांचा आहे. पण घरचं दुकान, क्लास किंवा कॅफे सांभाळणाऱ्या तुम्हा सगळ्यांच्या कामाचा. धरमपेठेतले चार-पाच व्यावसायिक एकत्र आले आणि एकदम दहा सोलर इन्व्हर्टर घेतले, तर स्वस्त पडतील का? पडतील की! पण माझं म्हणणं असं, की भावाच्या आधी चार गोष्टी विचारा.

पहिली गोष्ट, शब्दाचा घोळ. आपल्याकडे इन्व्हर्टर म्हटलं की लाईट गेल्यावर पंखा चालवणारा बॅटरीवाला डबा आठवतो. ऑन-ग्रिड सोलर इन्व्हर्टर तसा नसतो. तो पॅनलची डीसी वीज एसी करून महावितरणच्या लाईनशी जोडतो. लाईन गेली की तोही बंद, अगदी भर उन्हात. हा बिघाड नाही. तारेवर काम करणाऱ्या लाईनमनला शॉक बसू नये म्हणून ही सोय असते. आइस्क्रीमचा किंवा औषधांचा फ्रीज लाईट गेल्यावरही चालवायचा असेल, तर हायब्रिड इन्व्हर्टर आणि बॅटरी लागते. त्याचा हिशोब वेगळा.

दुसरी गोष्ट, दहा दुकानांना एकच मॉडेल चालेलच असं नाही. कुणाचं कनेक्शन सिंगल फेज, कुणाचं थ्री फेज. प्रत्येकाचा मंजूर भारही वेगळा, आणि नेट मीटरिंगमध्ये त्यापेक्षा मोठा प्रकल्प बसवता येत नाही. हा आकडा बिलावरच छापलेला असतो. म्हणून आधी सगळ्यांची बिलं गोळा करा, मग ऑर्डरची यादी करा. आणि कुणी ‘पीएम सूर्यघर’ची सबसिडी दाखवून माल विकत असेल, तर सावध राहा. ती योजना घरांसाठी आहे, दुकानांसाठी नाही.

तिसरी गोष्ट, आपलं नागपुरी ऊन. मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या वर जातो. इन्व्हर्टरच्या माहितीपत्रकात तापमानाचा एक आलेख असतो. किती अंशांनंतर मशीन स्वतःला जपण्यासाठी वीज कमी करतं, ते त्यात दिसतं. स्वस्त मॉडेल ४० अंशांनाच दमत असेल, तर ते नागपूरच्या कामाचं नाही. चांगलं मशीनसुद्धा टिनाच्या शेडखाली कोंडून ठेवू नका. सावलीची भिंत आणि चहूबाजूंनी हवा हवी.

चौथी गोष्ट, वॉरंटी. पॅनलवर साधारण २५ वर्षांची हमी मिळते, इन्व्हर्टरवर बहुतेक वेळा ५ ते १०. ती कधीपासून मोजणार, बिलाच्या तारखेपासून की बसवल्यापासून? माल सहा महिने गोदामात पडून असेल तर नुकसान कुणाचं? एकत्र खरेदीत बिल एकाच्या नावावर आणि मशीन दुसऱ्याच्या गच्चीवर असं होतं. म्हणून प्रत्येक सिरियल नंबर ज्याच्या त्याच्या नावावर नोंदवून घ्या.

आता साधं गणित करू. १० किलोवॅटचा प्रकल्प दिवसाला सरासरी ४० युनिट देतो असं समजा. युनिटला १० रुपये धरले, तर दिवसाचे ४०० रुपये. होलसेलमुळे एका मशीनमागे ३,००० रुपये वाचले, पण बंद पडल्यावर दुरुस्तीला १० दिवस लागले, तर ४,००० गेले. सूट गेली, वर हजार रुपये खिशातून!

म्हणूनच दहा मशीन घेणाऱ्याने आपलं वजन फक्त भाव पाडायला वापरू नये. ‘नागपुरात सर्व्हिस कोण देणार? किती दिवसांत? तोवर बदली मशीन मिळेल का?’ याची उत्तरं लेखी घ्या. एक मशीन घेणाऱ्याला ही अट घालणं जड जातं, दहावाल्याचं ऐकावंच लागतं. होलसेलचा खरा फायदा तिथे आहे.

तर आज घरच्या किंवा दुकानाच्या बिलावर मंजूर भार शोधा, आणि हा भाग त्या सोलरवाल्या ग्रुपवर टाका. भेटू पुढच्या भागात!