डोळा, कॅमेरा आणि शहरांतील माणूस



भरल्या वर्गावरून नजर फिरवावयाची आणि ‘हा हुशार, तो उनाड’ असें ठरवून टाकावयाचें, यांत माझें आयुष्य गेलें. नजर क्षणभराची, निकाल मात्र वर्षभराचा! मोठ्या शहरांत तर प्रत्येकजण दुसऱ्याचा निकाल असाच लावीत असतो. या नजरेचीच परीक्षा घेणाऱ्या एका मूकपटाची ओळख आज करून द्यावयाची आहे.

‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ या इंग्रजी नांवानें ओळखला जाणारा हा पट सोव्हिएट युक्रेनमध्यें तयार होऊन १९२९ सालीं पडद्यावर आला. दिग्दर्शक झिगा व्हेर्तोव्ह. हें त्यानें स्वतः घेतलेलें नांव. मूळ आडनांव कॉफमन. कॅमेरा त्याचा भाऊ मिखाईल कॉफमन याच्या हातीं होता, आणि चित्रांत कॅमेरा घेऊन हिंडतांना दिसतो तोहि हाच. मॉस्को, कीव्ह, ओडेसा हीं शहरें येथें एकाच शहरासारखीं जोडलेलीं आहेत. कथानक नाहीं, नट नाहींत, मूकपटांत मधूनमधून येणारा लेखी मजकूरहि नाहीं.

मध्येंच धांवता घोडा जागच्याजागीं थबकतो. मग एका वृद्धेचा, मग मुलांचे चेहरे निश्चल दिसतात. लगेच तींच चित्रें फितीच्या पट्टीवर लहान चौकटींत आढळतात. व्हेर्तोव्हची पत्नी एलिझावेता स्विलोव्हा त्या पट्ट्या निवडीत, कापीत बसलेली असते. पुढें तींच मुलें हालूं लागतात! पडद्यावर हालचाल नसतेच. भराभर बदलणारीं स्थिर चित्रें आपलें मन जोडून घेतें. कोणतीं जोडावयाचीं, हें मात्र दुसऱ्यानें ठरविलेलें असतें. ही निवड व्हेर्तोव्हनें लपविली नाहीं, हा त्याचा प्रामाणिकपणा.

परंतु नोंदणी-कचेरीचें दृश्य पाहा. तेथें लग्न करणारेहि येतात, काडीमोड घेणारेहि येतात. एक स्त्री हातांतली पिशवी तोंडापुढें धरते. कॅमेरा तरीहि चालूच राहतो. यंत्राचा डोळा माणसाच्या डोळ्यापेक्षां अधिक खरें पाहतो, अशी व्हेर्तोव्हची श्रद्धा होती. त्या स्त्रीची पिशवी हेंच तिला उत्तर, असें मला वाटतें. तुझ्या हातीं लागलेला क्षण म्हणजे मी नव्हें, असें ती जणूं बजावते.

उद्यां गाडींत समोर बसलेल्या अनोळखी माणसाकडें पाहाल, तेव्हां त्याच्या आयुष्याची एकच चौकट आपणांस दिसत आहे, एवढें ध्यानांत असूं द्यावें. मला हें वर्गांत उमगलें असतें, तर कांहीं मुलांचा निकाल मीं निराळा लावला असता.