मीठ वगळलं, तरी सोडियम राहिलं!
लेखमाला : मोजूनमापून मीठ – भाग ९

रविवारची सकाळ. अमेरिकेत मुलाकडे सहा महिन्यांसाठी गेलेल्या आजी-आजोबांसमोर पॅनकेकची बशी येते. आजोबांना रक्तदाब आहे आणि डॉक्टरांनी मीठ कमी करायला बजावलेलं आहे. सून काळजी घेणारी, म्हणून तिनं पिठात मीठ घातलेलंच नाही. पदार्थ गोडाचा, त्यात मीठही नाही, मग घाबरायचं कशाला? नातवंडांच्या आग्रहाखातर आजोबा तीन पॅनकेक खातात. त्या तीन पॅनकेकबरोबर त्यांच्या दिवसभराच्या सोडियमचा जवळपास तिसरा हिस्सा नाश्त्यालाच पोटात गेलेला असतो.

परदेशी गेलेल्या कितीतरी मराठी कुटुंबांत हे असंच घडतं. आता पुण्या-मुंबईतही मुलांच्या डब्यासाठी पॅनकेक होऊ लागले आहेत. त्यामुळे हा हिशेब एकदा नीट मांडायला हवा.

आकड्यांची उजळणी आधी. जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीनुसार प्रौढ माणसानं दिवसाला २,००० मिलिग्रॅमपेक्षा कमी सोडियम घ्यावं. मिठाच्या भाषेत हे ५ ग्रॅम होतं, म्हणजे साधारण एक सपाट छोटा चमचा. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेच्या २०२४ सालच्या आहारविषयक मार्गदर्शक सूचनांमध्येही मिठाची मर्यादा ५ ग्रॅमच आहे. मिठाच्या वजनात सोडियम सुमारे ४० टक्के असतं. वेष्टनावरच्या सोडियमच्या आकड्याला अडीचनं गुणलं की तेवढ्या मिठाचा अंदाज येतो.

सोडियम कमी केल्यानं खरंच फरक पडतो का? २००१ साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या ‘डॅश-सोडियम’ अभ्यासात ४१२ जणांना सोडियमच्या तीन वेगवेगळ्या पातळ्यांचा आहार आळीपाळीनं देण्यात आला. सोडियम जसं कमी होत गेलं तसा रक्तदाबही उतरत गेला. आधी रक्तदाब वाढलेला नव्हता अशांमध्येही तो उतरला. नाश्त्यातले तीनशे-चारशे मिलिग्रॅम मोजण्याला अर्थ आहे तो यामुळेच.

आता पॅनकेककडे वळू. आठ मध्यम पॅनकेकसाठी अमेरिकी घरात साधारण असं साहित्य घेतलं जातं : दीड कप मैदा, तीन चमचे बेकिंग पावडर, अर्धा चमचा मीठ, एक अंडं, सव्वा कप दूध आणि तीन मोठे चमचे खारवलेलं बटर. चमचा म्हणजे इथे बेकिंगच्या संचातला ५ मिलिलिटरचा मापाचा चमचा. अर्ध्या चमचा मिठातून सुमारे १,१५० मिलिग्रॅम सोडियम येतं. बटरमधून साधारण २७०, दुधातून १२५ आणि अंड्यातून ७०. बेकिंग पावडरच्या एका चमच्यात कंपनीनुसार ३५० ते ५०० मिलिग्रॅम असतं. मधला ४५० चा आकडा धरला तर तीन चमच्यांचे १,३५० होतात. म्हणजे या यादीत पहिला क्रमांक बेकिंग पावडरचा आहे, मीठ दुसऱ्या क्रमांकावर येतं.

एकूण बेरीज तीन हजारांच्या घरात जाते, म्हणजे एका पॅनकेकमागे पावणेचारशे. मीठ पूर्ण वगळलं तरी आठ पॅनकेकमध्ये अठराशे मिलिग्रॅम उरतातच. सुनेनं मनापासून केलेल्या पथ्यानं सोडियम फक्त चाळीस टक्के कमी झालं. उरलेलं साठ टक्के एका पांढऱ्या पावडरीत आणि पिवळ्या बटरमध्ये राहिलं.

पावडर एवढी जड का पडते? बेकिंग पावडरचा गाभा म्हणजे खायचा सोडा, अर्थात सोडियम बायकार्बोनेट. त्याच्या वजनात २७ टक्के सोडियम असतं, एका सपाट चमच्यात सुमारे १,२५० मिलिग्रॅम. बेकिंग पावडरीत सोड्याबरोबर एखादं कोरडं आम्ल आणि थोडा स्टार्च मिसळलेला असतो. बऱ्याचदा ते आम्लही सोडियमचाच क्षार असतं. ओलावा आणि उष्णता मिळाली की सोडा आणि आम्ल यांच्यात प्रक्रिया होते, कार्बन डायऑक्साइड सुटतो, पिठात बुडबुडे अडकतात आणि पॅनकेक फुगतो. वायू उडून जातो, सोडियम मात्र पदार्थातच राहतं. जिभेला ते खारट लागत नाही, म्हणून कुणाच्या लक्षातही येत नाही.

सोडा आणि मीठ यांचं नातं तर त्याहूनही जवळचं आहे. सॉल्व्हे पद्धतीत मिठाच्या दाट पाण्यात अमोनिया आणि कार्बन डायऑक्साइड सोडतात, आणि तळाशी जे बसतं ते सोडियम बायकार्बोनेट. सौराष्ट्राच्या ओखामंडळ किनाऱ्यावरच्या मिठापूर गावात टाटा केमिकल्सचा कारखाना १९३९ पासून उभा आहे. समुद्राच्या मिठापासून सोडा तयार करणं हाच त्याचा मूळ उद्योग. पिठातलं मीठ वगळून सोडा घालणं म्हणजे त्याच समुद्राच्या पाण्यातलं सोडियम दुसऱ्या वाटेनं घरात आणणं.

पण पॅनकेक नेहमीच सोडियमवर फुगत नव्हता.

अमेरिकी लेखिकेचं अमेरिकेत छापलेलं पहिलं पाकपुस्तक अमेलिया सिमन्स यांचं. ते १७९६ साली हार्टफर्डमध्ये निघालं. त्यात मक्याच्या पिठाच्या पॅनकेकची कृती आहे. दूध, मक्याचं पीठ, चार अंडी, थोडासा मैदा आणि किंचित मीठ एवढंच साहित्य. सोडा नाही, पावडर नाही, सगळा भार फेटलेल्या अंड्यांवर. त्याच पुस्तकातल्या काही बिस्किटांमध्ये मात्र ‘पर्ल अॅश’ वापरलेली आहे. लाकडाची राख पाण्यात भिजवून, ते पाणी आटवून आणि भाजून मिळणारा हा पांढरा क्षार म्हणजे पोटॅशियम कार्बोनेट. अमेरिकेत या क्षाराला त्या काळी एवढं मोल होतं, की ३१ जुलै १७९० रोजी त्या देशानं दिलेलं पहिलं पेटंट पोटॅश आणि पर्ल अॅश बनवण्याच्या सुधारित पद्धतीसाठीच होतं. ते सॅम्युएल हॉपकिन्स यांना मिळालं आणि त्यावर राष्ट्राध्यक्ष जॉर्ज वॉशिंग्टन यांची सही आहे.

पुढे काळ बदलला. १८४३ मध्ये बर्मिंगहॅमचे रसायनतज्ज्ञ आल्फ्रेड बर्ड यांनी यीस्ट न सोसणाऱ्या आपल्या पत्नीसाठी बेकिंग पावडर तयार केली. १८४६ मध्ये जॉन ड्वाइट आणि ऑस्टिन चर्च यांनी न्यूयॉर्कमध्ये खायच्या सोड्याचा धंदा सुरू केला. सोडा स्वस्त झाला आणि राखेचा क्षार स्वयंपाकघरातून मागे पडला. १८८९ मध्ये मिझुरी राज्यातल्या सेंट जोसेफ गावी तयार पॅनकेक पिठाचा पुडा बाजारात आला. तेव्हापासून मैदा, मीठ आणि फुगवणारी पावडर एकाच पुड्यात येऊ लागली आणि किती घालायचं हे ठरवणं घरच्या हातातून गेलं.

ते हातात परत घ्यायला तीन वाटा आहेत.

पहिली सर्वांत सोपी : अंडी फेटणं. दोन अंड्यांचा पिवळा बलक आणि पांढरा भाग वेगळे करावेत. बलक, एक कप दूध, तीन मोठे चमचे वितळवलेलं लोणी, एक मोठा चमचा साखर आणि दीड कप मैदा एकत्र करावा. गुठळ्या थोड्या राहिल्या तरी चालतील. मैदा जास्त घोटला तर त्यातलं ग्लुटेन चिवट होतं आणि पॅनकेक रबरासारखा लागतो. पांढरा भाग कोरड्या, तेलाचा थेंबही नसलेल्या भांड्यात फेटावा. फेटणी वर उचलली की फेसाचं टोक उभं राहून किंचित वाकलं पाहिजे. मग हा फेस तीन वेळा करून पिठात घालावा आणि उलथन्यानं तळापासून वर उचलत, हलक्या हातानं मिसळावा. भरभर ढवळलं तर हवा निघून जाते आणि मेहनत वाया जाते. मंद आचेवर तव्यावर पळीभर पीठ घालून झाकण ठेवावं. वर बुडबुडे येऊन फुटले आणि त्यांची भोकं तशीच उघडी राहिली की उलटावं. या पद्धतीत आठ पॅनकेकमध्ये मिळून सुमारे अडीचशे मिलिग्रॅम सोडियम येतं. तीन पॅनकेकची बेरीज शंभराच्या आत राहते.

दुसरी वाट आंबवण्याची. एक चमचा कोरडं यीस्ट आणि चमचाभर साखर सव्वा कप कोमट दुधात मिसळून दहा मिनिटं ठेवावी. फेस आला की मैदा, एक अंडं आणि लोणी घालून तासभर झाकून ठेवावं. यीस्टमधलं सोडियम नगण्य असतं. रशियातले पारंपरिक ब्लिनी आणि मोरोक्कोतले हजार भोकांचे बघरीर असेच यीस्टवर फुलतात. वेळ लागतो हे खरं, पण रात्री पीठ कालवून फ्रीजमध्ये ठेवलं तर सकाळची घाई टळते.

तिसरी वाट राखेच्या क्षाराकडे परत नेणारी आहे. सोड्याच्या जागी खाद्य दर्जाचं पोटॅशियम बायकार्बोनेट वापरता येतं. अमेरिकेत कमी सोडियमच्या बेकिंग पावडरी याच्यावरच बनतात. ते सोड्यापेक्षा वजनानं सुमारे एकपंचमांश जास्त लागतं. दीड कप मैद्याला एक कप आंबट, बिनमिठाचं ताक आणि ३ ग्रॅम पोटॅशियम बायकार्बोनेट पुरतं. जास्त झालं तर कडवट लागतं.

मात्र इथे एक इशारा ठळकपणे द्यायलाच हवा. ३ ग्रॅममध्ये जवळपास १,२०० मिलिग्रॅम पोटॅशियम असतं, म्हणजे तीन पॅनकेकमागे एका मध्यम केळ्याइतकं. निरोगी मूत्रपिंडांना त्याचा त्रास होत नाही. पण मूत्रपिंडाचा आजार असलेल्यांनी, तसंच नावाच्या शेवटी ‘प्रिल’ किंवा ‘सार्टन’ असलेल्या रक्तदाबाच्या गोळ्या किंवा स्पायरोनोलॅक्टोन घेणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय ही वाट धरू नये. रक्तात पोटॅशियम वाढलं तर हृदयाचे ठोके बिघडतात. ज्यांना मीठ कमी करायला सांगितलेलं असतं त्यांच्यातलेच पुष्कळ जण या गोळ्या घेतात. घरातल्या वडीलधाऱ्यांसाठी करायचं असेल तर पहिल्या दोन वाटाच बऱ्या.

सोडा गेला की दोन गोष्टी जाणवतात. एक म्हणजे रंग. सोड्यामुळे पीठ अल्कधर्मी होतं आणि लवकर तांबूस होतं. तो नसला की पॅनकेक फिकट राहतो, म्हणून आच मंद ठेवून अर्धा मिनिट जास्त द्यावं. दुसरी गोष्ट चव. मीठ कडवटपणा झाकतं आणि गोडवा उठावदार करतं. त्याची उणीव लिंबाच्या किसलेल्या सालीनं, वेलची-जायफळानं, दालचिनीनं किंवा तव्यावर खमंग भाजलेल्या ओल्या खोबऱ्यानं बऱ्यापैकी भरून निघते. पहिल्या दिवशी पॅनकेक अळणी वाटेल. दोन-तीन आठवड्यांत जीभ सरावते.

वरून काय घ्यायचं, यातही निम्मी लढाई आहे. बाजारातलं नेहमीचं पिवळं बटर खारवलेलं असतं. घरी विरजलेल्या सायीचं लोणी आणि तूप यांत सोडियम जवळपास नसतंच. मध, काकवी, मेपल सिरप आणि ताजी फळं यांचाही सोडियमच्या हिशेबात भार नाही. मराठी घराला इथे काही नवं शिकायला नको, फ्रीजमधली लोण्याची वाटी पुढे आणायची एवढंच.

तव्यावरच्या पातळ पिठाची आपली स्वतःची घराणीही आहेत. कोकणातलं घावन निव्वळ तांदळाच्या पिठाचं, त्याला फुगवायला काही लागतच नाही. आंबोळी रात्रभर आंबवलेल्या तांदूळ-उडदाच्या पिठावर जाळीदार होते. गोव्यातली आले बेले म्हणजे खोबरं-गुळाचं सारण गुंडाळलेला पातळ पॅनकेक, त्यालाही पावडरीची गरज नाही. या सगळ्यांत सोडियम येतं ते फक्त हातानं घातलेल्या मिठातून, आणि ते कमी करणं हातातच असतं. बिघडतं ते झटपट प्रकारांत. आंबवायला वेळ नाही म्हणून पिठात इनोची पुडी टाकली जाते. त्या ५ ग्रॅमच्या पुडीत ८०० मिलिग्रॅमहून जास्त सोडियम असतं, दिवसाच्या मर्यादेच्या चाळीस टक्के. सैंधव मीठ वापरूनही सुटका नाही, कारण तेही बहुतांश सोडियम क्लोराइडच असतं.

तयार पीठ घ्यायचंच असेल तर पुडा मागच्या बाजूनं वाचावा. घटकांच्या यादीत फुगवणाऱ्या पदार्थांसमोर क्रमांक लिहिलेले असतात. ५०० म्हणजे सोडियमचे कार्बोनेट, ४५० या गटातही बहुधा सोडियमचाच क्षार असतो. ५०१ म्हणजे पोटॅशियमचे कार्बोनेट, ५०३ म्हणजे अमोनियमचे आणि ३४१ म्हणजे कॅल्शियम फॉस्फेट. भारतात ‘लो सोडियम’ लिहायचं तर १०० ग्रॅममध्ये १२० मिलिग्रॅमपेक्षा जास्त सोडियम चालत नाही. अमेरिकेत ही मर्यादा एका वाढपामागे १४० मिलिग्रॅम आहे. मात्र ‘एक वाढप’ म्हणजे किती, हे तिथे सरकारी नियमांतल्या मापावरून ठरतं आणि पुड्यावर लिहिलेलं असतं, म्हणून तो आकडा आधी पाहावा.

वाचकांना एक विनंती. या आठवड्यात घरातला बेकिंग पावडरचा डबा, सोड्याची पुडी आणि बटरचं वेष्टन ओट्यावर मांडून त्यांवरचे सोडियमचे आकडे एका कागदावर उतरवून काढावेत आणि तो कागद फ्रीजच्या दाराला लावावा. पुढच्या भागात पाव, खारी आणि टोस्ट यांचा असाच हिशेब मांडायचा आहे, तेव्हा तो कागद कामी येईल.