आजीआजोबांचा वाटा : गुणसूत्रांच्या देवाणघेवाणीची कथा

घरात बाळ जन्मले की आठवड्याभरातच त्याच्या नाकाडोळ्यांची वाटणी होते. कपाळ आजोबांचे, रंग आत्याचा, हट्टीपणा आजोळचा. ही वाटणी कौतुकाची असते तोवर कोणाची हरकत नसते. मूल एखादी व्याधी घेऊन आले, की मात्र ‘आमच्या घराण्यात असे कधी नव्हते’ हे वाक्य उच्चारले जाते आणि ते बहुधा बाळाच्या आईलाच ऐकावे लागते. म्हणूनच ही वाटणी शरीरात प्रत्यक्ष कशी होते, हे घरातील वडीलधाऱ्यांनी समजून घेणे अगत्याचे आहे.

आपल्या बहुतेक पेशींत गुणसूत्रांच्या २३ जोड्या असतात. प्रत्येक जोडीतील एक गुणसूत्र आईकडून आलेले असते, दुसरे वडिलांकडून. बीजांडात आणि शुक्रपेशीत मात्र प्रत्येक जोडीतील एकच, म्हणजे एकूण २३ गुणसूत्रे उतरतात. संख्या निम्मी करणाऱ्या या क्रियेला अर्धगुणसूत्री विभाजन म्हणतात. जोडीतील कोणतेही एक उचलायचे, एवढाच नियम असता तरी एका व्यक्तीपासून ८३,८८,६०८ वेगवेगळे संच संभवतात. निसर्ग तेवढ्यावरही थांबत नाही.

तुटणे आणि सांधणे

विभाजनाच्या आरंभी जोडीतील दोन्ही गुणसूत्रे एकमेकांना लांबीभर बिलगतात. याच काळात पेशीतीलच एक विकर डीएनएचा धागा ठिकठिकाणी तोडते. तुटलेले टोक दुरुस्तीसाठी शेजारच्या गुणसूत्राचा आधार घेते आणि काही ठिकाणी सांधा जुळताना दोघांचे तुकडे परस्परांत बदलले जातात. यालाच ‘क्रॉसिंग ओव्हर’ म्हणतात. शुक्रपेशी घडताना अशा सुमारे पंचवीस अदलाबदली होतात, बीजांड घडताना चाळीसच्या आसपास.

अमेरिकेत थॉमस हंट मॉर्गन यांनी फळमाशीच्या पिढ्यांचा अभ्यास करून १९११ मध्ये ही कल्पना मांडली. पुढे १९३१ मध्ये हॅरिएट क्रेटन आणि बार्बरा मॅक्लिंटॉक यांनी मक्याच्या गुणसूत्रांवर तिचा प्रत्यक्ष पुरावा दाखवला.

याचा अर्थ असा, की आपण मुलाला देतो ते गुणसूत्र सहसा निखळ आपल्या आईचे किंवा निखळ वडिलांचे नसते. आजीचे लुगडे आणि आजोबांचे धोतर यांचे तुकडे जोडून शिवलेल्या गोधडीसारखे ते असते. आईवडिलांकडून मुलाला निम्मा निम्मा वाटा मिळतो. पण वडिलांच्या निम्म्यात आजोबांचे किती आणि आजीचे किती, हे प्रत्येक वेळी निराळे ठरते. सरासरीने प्रत्येकाचा वाटा २५ टक्के असला, तरी प्रत्यक्षात तो थोडा कमी-अधिक असतो. सख्ख्या भावंडांपैकी एकाला आजोबांकडून मधुमेहाला पोषक जनुके अधिक मिळावीत आणि दुसऱ्याला कमी, हे त्यामुळेच घडते.

आजीच्या उदरात

स्त्रीच्या बीजांडांची ही देवाणघेवाण ती स्वतः आईच्या पोटात असतानाच होते. त्यानंतर विभाजन अर्ध्यावर थांबते आणि पुढे वयात आल्यावर, बीजांड पक्व होण्याच्या सुमारास पुन्हा सुरू होते. म्हणजे लेकीच्या मुलात आजी आणि आजोबा यांची जी सरमिसळ आपल्याला दिसते, ती आजीला लेकीचे डोहाळे लागले होते त्या काळातच झालेली असते.

मधली वीस, तीस, चाळीस वर्षे ती दोन गुणसूत्रे अदलाबदलीच्या जागी पडलेल्या फुलीसारख्या सांध्याने एकत्र राहतात. हा सांधा वेळेवर सुटला, तर जोडी नीट विभागली जाते. अदलाबदल झालीच नाही, अडचणीच्या जागी झाली किंवा गुणसूत्रांना धरून ठेवणारी प्रथिने काळाच्या ओघात क्षीण झाली, तर दोन्ही गुणसूत्रे एकाच बीजांडात जाऊ शकतात. एकविसाव्या गुणसूत्राबाबत असे घडले, तर बाळाला डाऊन सिंड्रोम होतो. आईचे वय ३५ असताना ही शक्यता साधारण ३५० जन्मांत एक, तर चाळिशीत १०० जन्मांत एक असते. तरुण मातांच्या पोटीही अशी बालके जन्मतात, आणि काही वेळा अतिरिक्त गुणसूत्र वडिलांकडून आलेले असते.

आईने काय खाल्ले, ग्रहणात काय केले, कोणाचे मन दुखावले, यांचा या घटनेशी काहीही संबंध नाही. इतक्या सूक्ष्म पातळीवर घडणाऱ्या गोष्टीवर कोणाचा ताबा नसतो, मग दोष तरी कोणाला द्यावा?

घराने काय करावे?

डाऊन सिंड्रोम असलेल्या बालकाची गुणसूत्र तपासणी अवश्य करून घ्यावी. शंभरातील तीन-चार जणांत एकविसावे गुणसूत्र दुसऱ्या गुणसूत्राला चिकटलेले आढळते. हा प्रकार काही वेळा आई किंवा वडिलांकडून वारशाने येतो. अशा वेळी पुढील अपत्याचा विचार करण्यापूर्वी जनुकीय समुपदेशन उपयोगी पडते.

इतर आजारांबाबत ज्येष्ठांजवळची आठवण मोलाची आहे. आई आणि वडील अशा दोन्ही बाजूंच्या तीन पिढ्यांत कोणाला कोणता आजार झाला आणि तो कोणत्या वयात झाला, हे एका वहीत लिहून ठेवावे. हृदयविकार, मधुमेह, कर्करोग, रक्ताचे आजार, लहान वयातील मृत्यू यांपैकी काही लपवू नये. ती वही मुलानातवंडांच्या डॉक्टरांना दाखवावी. नोंद असली म्हणजे आजार होणारच असे नाही, पण कोणाची तपासणी लवकर सुरू करायची, हे डॉक्टरांना त्यावरून ठरवता येते.