तळ्यांनी घडविलेला मुलूख : दक्षिण बोहेमियातील त्रेबोन परिसर

चेक प्रजासत्ताकाच्या दक्षिण भागाचा नकाशा उघडला, की ऑस्ट्रियाच्या सरहद्दीलगत निळ्या ठिपक्यांची एक दाट मालिका दृष्टीस पडते. लहानमोठी चारशेहून अधिक जलाशये सुमारे सातशे चौरस किलोमीटरांच्या टापूत पसरलेली असून त्यांच्या मधून लुझ्निट्से ही नदी उत्तरेकडे वाहते. हाच त्रेबोन परिसर होय. (चेक भाषेत या नावातील रकाराचा उच्चार एका विशिष्ट घर्षक ध्वनीने होतो व तो देवनागरीत नेमका उतरत नाही, म्हणून येथे सुलभ रूप स्वीकारले आहे.) यांपैकी एकही मोठे जलाशय नैसर्गिक सरोवर नाही. ती सर्व बांध घालून अडविलेली तळी आहेत, आणि त्यांतील प्रमुख तळी सोळाव्या शतकात निर्माण झाली. या मुलखाला १९७७ साली युनेस्कोने जीवावरण-राखीव क्षेत्र म्हणून मान्यता दिली व १९७९ साली त्यास संरक्षित भूप्रदेशाचा दर्जा मिळाला. निसर्गाचा ठेवा म्हणून जे आज जपले जात आहे, ते मुळात एका सरंजामी घराण्याच्या जमाखर्चातून उत्पन्न झाले, ही गोष्ट भूगोलाच्या अभ्यासकाने दृष्टीआड करता कामा नये. प्रस्तुत लेखात या मुलखाची घडण कशी झाली आणि तिचा भार कोणी वाहिला, याचा विचार करावयाचा आहे.

प्रथम भूमीकडे पाहू. त्रेबोनचे खोरे म्हणजे नाईस, ग्रॅनाइट आदी प्राचीन खडकांच्या पायावर बसलेली एक उथळ परात आहे. तिच्यात क्रिटेशस व तृतीयक काळांतील वाळू, चिकणमाती व वालुकाश्म यांचे थर साचले आहेत. खोऱ्याचा तळ समुद्रसपाटीपासून साधारणतः चारशे ते पाचशे मीटर उंचीवर असून तो इतका सपाट आहे, की पाण्याला कोणत्या दिशेने जावे हे जणू उमगत नाही. वार्षिक पर्जन्यमान ६०० ते ६५० मिलिमीटर एवढेच आहे. म्हणजे हा प्रदेश पाणथळ झाला तो अतिवृष्टीमुळे नव्हे, तर निचऱ्याच्या अभावामुळे. थंड हवेत बाष्पीभवन कमी, खाली चिकणमातीचा अभेद्य थर आणि उतार जवळजवळ नाही. अशा स्थितीत शतकानुशतके वनस्पतींचे अवशेष अर्धवट कुजून पीटचे थर साचत गेले. येथील माती वालुकामय, आम्लधर्मी व निःसत्त्व आहे. गव्हाला ती मानवत नाही. राय हे धान्य कसेबसे येते.

गावांची नावेच या परिस्थितीची साक्ष देतात. ‘म्लाका’ म्हणजे डबके किंवा ओलसर जागा, ‘ह्लीना’ म्हणजे चिकणमाती, ‘झाब्लाती’ म्हणजे दलदलीपलीकडचे गाव. ‘प्रेसेका’ या नावात सीमेवरील अरण्यातील तोडीची आठवण आहे. बोहेमिया व ऑस्ट्रिया यांच्या मधील हे सीमारण्य बाराव्या ते चौदाव्या शतकांच्या दरम्यान तोडले जाऊन येथे वस्ती झाली. वस्तीसाठी अर्थातच दलदलीच्या मधील किंचित उंचवटे निवडले गेले. चौदाव्या शतकात त्रेबोन नगर रोझम्बेर्क घराण्याच्या हाती आले, आणि १३६७ साली या घराण्यातील बंधूंनी तेथे ऑगस्टिनियन पंथाचा मठ स्थापिला. पुढे अडीचशे वर्षे या मुलखाचे भवितव्य याच घराण्याच्या इच्छेने ठरत गेले.

दलदलीत तळी बांधण्याची कल्पना मुळात रोझम्बेर्कांची नव्हे. बोहेमियात मत्स्यतडाग चौदाव्या शतकातच सर्वत्र आढळतात. परंतु पंधराव्या शतकाच्या अखेरीस या उद्योगाला जो वेग आला, त्याची कारणे अर्थशास्त्रीय आहेत. कुळांकडून मिळणारा रोकड खंड परंपरेने ठरलेला होता, आणि नाण्याची किंमत घसरू लागली तेव्हा त्या खंडाचे खरे मूल्यही घसरले. खंड वाढविणे कठीण; तेव्हा सरदारांनी स्वतःच उद्योग आरंभिले. मद्यनिर्मितीचे कारखाने, मेंढपाळी आणि मत्स्यपालन हे त्यांतील प्रमुख होत. ख्रिस्ती धर्मातील उपवासाच्या दिवसांत मांस वर्ज्य असले तरी मासा चालतो, ही बाब बाजारपेठेच्या दृष्टीने मोलाची होती. ज्या जमिनीत धान्य पिकत नाही तीच जमीन पाण्याखाली घातली असता नफा देते, हा शोध त्रेबोनच्या कारभाऱ्यांना लागला, आणि त्यांनी तो तडीस नेला. तडागविद्येला त्या काळी इतके महत्त्व आले होते, की ओलोमोउत्सचा बिशप दुब्राव्हिउस याने १५४७ साली या विषयावर लॅटिन भाषेत स्वतंत्र ग्रंथ प्रसिद्ध केला.

या कामी दोन पुरुषांची नावे विशेषत्वाने घेतली जातात. पहिला श्तेपानेक नेतोलित्स्की. सोळाव्या शतकाच्या आरंभी त्याने ‘झ्लाता स्तोका’, म्हणजे सुवर्ण पाट, ही योजना आखली व सुमारे १५०६ ते १५२० या काळात ती पूर्ण केली. हा पाट लुझ्निट्सेच्या प्रवाहातून पाणी घेऊन तळ्यामागून तळ्याला जोडीत जातो व सुमारे ४८ किलोमीटरांनंतर वेसेली गावाजवळ पुन्हा त्याच नदीस मिळतो. माझ्या मते संपूर्ण त्रेबोन व्यवस्थेतील खरी प्रतिभा या पाटात आहे, पुढील काळातील प्रचंड बांधांत नाही. दलदलीचे साचलेले पाणी आम्लयुक्त व अन्नहीन असते; त्यात मासा नीट वाढत नाही. नदीचे वाहते पाणी प्राणवायू व पोषक द्रव्ये घेऊन येते. पाटामुळे प्रत्येक तळे हवे तेव्हा भरता येऊ लागले, हवे तेव्हा रिकामे करता येऊ लागले, आणि वाटेतील पाणचक्क्याही त्यावर फिरू लागल्या. जवळजवळ सपाट भूमीवर इतका लांब पाट केवळ साध्या मोजणीसाधनांच्या आधारे वाहता ठेवणे हे सामान्य काम नव्हे. पाचशे वर्षांनंतरही तो वाहतो आहे.

दुसरा पुरुष याकुब कर्चीन (१५३५–१६०४). १५६९ साली तो व्हिलेम रोझम्बेर्क याच्या सर्व जहागिरींचा मुख्य कारभारी झाला. नेतोलित्स्कीचा स्वभाव भूमीशी जुळवून घेणारा होता. कर्चीनचा तिच्यावर हुकूम चालविणारा. १५७१ ते १५७३ या काळात त्याने त्रेबोन नगराच्या वेशीलाच एक तळे बांधले व त्यासाठी नगराचे एक उपनगर पाडून टाकले. नागरिकांचा विरोध पुष्कळ झाला. या तळ्याचे मूळ नाव ‘नेव्द्येक’, म्हणजे कृतघ्नता, असे पडले. आज त्यास ‘स्व्येत’, म्हणजे जग, असे म्हणतात, आणि त्याच्या काठी हौशी प्रवासी फेरफटका मारतात.

कर्चीनचे सर्वांत मोठे साहस मात्र रोझम्बेर्क हे तळे होय. घराण्याचेच नाव धारण करणारे हे तळे १५८४ ते १५९० या काळात बांधले गेले. येथे त्याने पाट काढून पाणी आणण्याऐवजी प्रत्यक्ष लुझ्निट्से नदीच अडविली. बांधाची लांबी सुमारे अडीच किलोमीटर असून पाण्याचे क्षेत्र आज पाचशे हेक्टरांच्या आसपास भरते. नदीवर मातीचा बांध घालणे म्हणजे महापुराला आमंत्रण, हे कर्चीन पुरते जाणून होता. म्हणून त्याने वरच्या बाजूस सुमारे १३ किलोमीटर लांबीचा ‘नोव्हा रेका’, म्हणजे नवी नदी, हा कालवा खोदला. नदीला पूर आला, की जास्तीचे पाणी या कालव्याने नेझार्का नदीकडे वळते व तळ्याच्या खालच्या अंगास वेसेलीजवळ ते पुन्हा लुझ्निट्सेला मिळते. तळ्याला वळसा घालून पूर पुढे नेण्याची ही युक्ती पुढे एकदा निर्णायक ठरली. तिचा उल्लेख यथास्थळी येईल.

बांधाची रचना सांगण्यासारखी आहे. माती थराथराने टाकून धुमसावयाची, पाण्याकडील अंगास दगडी अस्तर द्यावयाचे, आणि माथ्यावर ओक वृक्षांच्या रांगा लावावयाच्या. तळाशी ओकच्या खोडाची पोखरलेली नळी बसवीत व तिचे तोंड लाकडी गुडदीने बंद करीत. सतत पाण्याखाली राहिलेले ओकचे लाकूड कुजत नाही. शरदात गुडदी उचलली, की पाणी संथपणे उतरते, मासे तळातील खोलगट भागात गोळा होतात आणि जाळ्याने काढले जातात. मग पाण्याने भरलेल्या लाकडी पिंपांतून ते जिवंतच गाडीने शहरांकडे रवाना होत. काही वर्षांच्या अंतराने तळे एक उन्हाळा कोरडे ठेवून त्याच्या तळात धान्य पेरण्याचीही रीत होती. पाणी आणि पीक यांची ही फेरपालट तळाच्या गाळाला ताजेपणा देई.

आता गावांकडे वळू. कारण कारभाऱ्यांच्या यशोगाथेत ती सहसा पार्श्वभूमीलाच राहतात. बांध खोदण्याचे मुख्य काम मजुरीवर फिरणाऱ्या कसबी खोदकामगारांच्या टोळ्या करीत. परंतु वाहतूक, लाकूडतोड, देखभाल व मासेमारीच्या वेळची नाना कामे कुळांच्या वेठीत मोडत. ही वेठ कायद्याने १८४८ सालीच संपली. याहून मोठा प्रश्न जमिनीचा होता. सखल भागातील ओली कुरणे ही पशुपालनाचा आधार होती, आणि तळ्यासाठी नेमकी तीच जमीन हवी असे. बुडीत जमिनीच्या बदल्यात अन्यत्र जमीन दिली जाई. पण गावाजवळचे गवताळ कुरण आणि दूरचे वाळवंटी शेत यांची बरोबरी कागदावरच होते. या व्यवहारांचे दप्तर आज त्रेबोनच्या वाड्यातील सरकारी पुराभिलेखागारात आहे व मध्य युरोपातील जहागिरी दप्तरांत त्याची योग्यता फार मोठी आहे. घराण्याचा इतिहासकार व ग्रंथपाल व्हाट्सलाव्ह ब्रेझान याने रोझम्बेर्कांचे चरित्र लिहिले, त्यांचा विशाल ग्रंथसंग्रह सूचीबद्ध केला. मात्र हे सारे दप्तर धन्याच्या बाजूने लिहिलेले आहे. कुळांचे म्हणणे त्यात तक्रारअर्जांच्या रूपानेच उमटते. तेवढे अर्ज बारकाईने वाचणे हा संशोधनाचा अधिक फलदायी मार्ग होय, असे मला वाटते.

राजकीय इतिहास थोडक्यात असा. व्हिलेमचा धाकटा बंधू पेत्र व्होक याने कर्जापायी चेस्की क्रुम्लोव्ह ही जहागीर सम्राट रुडॉल्फ दुसरा यास विकली व १६०२ साली तो त्रेबोनला राहावयास आला. १६११ साली त्याच्या मृत्यूबरोबर घराणे खुंटले. तीस वर्षांच्या युद्धात मुलूख उद्ध्वस्त झाला. ग्रंथसंग्रह १६४८ साली स्वीडिश सैन्याने लुटून नेला. १६६० साली जहागीर श्वार्झेनबेर्ग घराण्याकडे आली आणि विसाव्या शतकापर्यंत त्यांच्याकडेच राहिली. १९४७ साली तिचे राष्ट्रीयीकरण झाले. पहिल्या महायुद्धानंतर सीमा बदलली व राप्शाख, हालाम्की यांसारखी दक्षिणेकडील काही गावे १९२० साली ऑस्ट्रियातून चेकोस्लोव्हाकियात आली. त्रेबोन हा स्वतंत्र जिल्हा १९६० च्या पुनर्रचनेत मोडला गेला व यिंद्रिखुव ह्रादेत्स जिल्ह्यात विलीन झाला.

येथे एक प्रश्न उपस्थित होतो. सोळाव्या शतकात बोहेमियात इतरत्रही मोठी तळी होती. पार्दुबित्सेजवळ पेर्नश्टाइन घराण्याचे चेपेर्का हे तळे सुमारे एक हजार हेक्टरांचे, म्हणजे रोझम्बेर्कहूनही विस्तीर्ण होते. ते आज कोठे आहे? अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत धान्याचा व पुढे साखरबीटाचा भाव चढला, तेव्हा एल्ब नदीच्या खोऱ्यातील सुपीक तळांवरील तळी एकामागून एक उपसून नांगराखाली आणली गेली. त्रेबोनची तळी टिकली ती कोणाच्या दूरदृष्टीमुळे नव्हे. तेथील तळ उघडा केला असता हाती वाळू आणि पीटच येते. साखरबीट तेथे रुजत नाही. भूमीच्या दारिद्र्याने येथे इतिहास जतन केला.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात योसेफ शुस्ता (१८३५–१९१४) या जहागिरीच्या अधिकाऱ्याने मत्स्यशेतीला शास्त्रीय बैठक दिली. कार्प मासा चिखल व वनस्पती खातो ही समजूत त्याने माशांच्या आतड्यांची प्रत्यक्ष तपासणी करून खोडून काढली, आणि सूक्ष्म जलचर हेच त्याचे मुख्य खाद्य असल्याचे दाखविले. मग ओघानेच पाण्याला खत देऊन जलचर वाढविणे व माशांना पूरक खाद्य घालणे या रीती आल्या. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात चुना, शेणखत व दाट मत्स्यसंख्या यांचा अवलंब इतका वाढला, की दर हेक्टरी उत्पादन शुस्ताच्या काळाच्या अनेक पटींनी चढले. त्याची किंमत पाण्याने चुकविली. पूर्वी निवळ असणारी तळी उन्हाळ्यात हिरव्या शैवालाने गढूळ होऊ लागली, काठची वेताची व लव्हाळ्याची पट्टी खंगली, आणि तिच्या आश्रयाने राहणारे पक्षी घटले. १९९० साली ही तळी रामसर करारान्वये आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ क्षेत्रे म्हणून नोंदली गेली. आणि २००७ साली ‘त्रेबोनचा कार्प’ या नावाला युरोपीय संघाचे भौगोलिक संरक्षण मिळाले. एकाच पाण्यावर दोन संरक्षणे, आणि दोहोंची मागणी परस्परविरुद्ध. पक्ष्यांच्या अभ्यासकाला निवळ पाणी व कमी मासे हवेत. मत्स्यव्यावसायिकाला नाताळच्या बाजारासाठी भरघोस कार्प हवा.

या वादात तळ्यांचे तिसरे कार्य बहुधा विसरले जाते. ऑगस्ट २००२ मध्ये लुझ्निट्सेला असाधारण महापूर आला. एरव्ही सुमारे साठ लक्ष घनमीटर पाणी साठविणाऱ्या रोझम्बेर्क तळ्याने त्या दिवसांत सुमारे सात कोटी घनमीटर पाणी धरून ठेवले, आणि पाण्याचा विस्तार दोन हजार हेक्टरांच्या पलीकडे गेला. बांधातून काही ठिकाणी पाणी झिरपू लागले होते. तो फुटता तर खालच्या वेसेली व सोब्येस्लाव्ह नगरांची काय अवस्था झाली असती याची कल्पना करवत नाही. बांध टिकला, आणि कर्चीनच्या ‘नव्या नदी’नेही पुराचा मोठा हिस्सा नेझार्काकडे नेला. त्या काळात काठची शेते, कुरणे व वनभूमी आठवडेच्या आठवडे पाण्याखाली होती. खालच्या शहरांच्या सुरक्षिततेसाठी वरच्या गावांनी पाणी सोसावे, ही सोळाव्या शतकातील वाटणी त्या उन्हाळ्यात पुन्हा एकदा जशीच्या तशी अमलात आली. फरक इतकाच, की या वेळी नुकसानीचे अर्ज जहागिरीच्या कचेरीऐवजी शासनाकडे गेले.